गिरकीतला काळ : नृत्य, कथन आणि संहितेची मर्यादा

काळाचा ओघ वाकवणारी एखादी नृत्यकला असू शकते, ही कल्पना आजच्या वाचकाला विज्ञानकथेच्या किंवा अद्भुतकथेच्या प्रांतातील वाटेल. नर्तकाने एक आवर्तन पुरे करावे आणि तेवढ्यात पाहणाऱ्याची वर्षे सरून जावीत, किंवा उलट एक रात्र सरतच नाही असे व्हावे, हे कल्पितच आहे. परंतु हे कल्पित आपल्या परंपरेला मुळीच परके नाही. विष्णुपुराणात आणि भागवताच्या नवव्या स्कंधात रैवत ककुद्मी राजाची कथा आली आहे. आपल्या रेवती या कन्येसाठी वर विचारण्यास तो ब्रह्मलोकी जातो. तेथे गंधर्वांचे गायन चालू असते. ते संपेपर्यंत तो थांबतो आणि मग आपला प्रश्न विचारतो. ब्रह्मदेव हसून सांगतो की, तुझ्या मनात असलेल्या वरांचे वंशही आता पृथ्वीवर उरलेले नाहीत. मैफलीतील एका क्षणात कित्येक चतुर्युगे निघून गेली आहेत. पुढे रेवतीचा विवाह बलरामाशी होतो आणि प्राचीन युगातील म्हणून फार उंच असलेल्या त्या वधूला बलराम नांगराच्या टोकाने खाली ओढून आपल्या युगाच्या मापाची करतो. काळातील अंतर देहाच्या उंचीतून दाखविण्याची ही युक्ती कोणत्याही आधुनिक कथाकाराने हेवा करावा अशी आहे.

दुसरे कल्पित दशम स्कंधातील रासपंचाध्यायीचे. रासनृत्याची रात्र ही ब्रह्मरात्र होती असे तेथील वर्णन आहे. या शब्दाचा अर्थ ब्राह्ममुहूर्त घ्यावा की ब्रह्मदेवाची युगांएवढी लांब रात्र घ्यावी, याविषयी टीकाकारांत मतभेद आहेत. लोकमानसाने मात्र दुसराच अर्थ उचलला आणि रासाच्या रात्री आकाशातले चंद्र-तारे थबकले, रात्र सहा महिन्यांची झाली, असे मानले. ककुद्मीच्या कथेत प्रेक्षकाचा काळ आकुंचन पावतो, तर रासात नर्तकांचा काळ प्रसरण पावतो. या दोन कथा एकत्र वाचल्या म्हणजे लक्षात येते की, प्रयोगातील काळ आणि प्रयोगाबाहेरील काळ यांचे माप एक नसते, ही जाणीव या पुराणकारांना होती. त्यांनी ती सिद्धान्ताच्या भाषेत न मांडता अद्भुताच्या भाषेत मांडली, एवढेच.

प्रस्तुत लेखात या कल्पिताचा मागोवा मराठी लोकनृत्याच्या आणि लोकनाट्याच्या प्रत्यक्ष व्यवहारात घ्यावयाचा आहे. आणि तो घेताना मराठी नाट्यसमीक्षेच्या एका सवयीविषयीही काही म्हणावयाचे आहे. नाटक म्हणजे संहिता आणि संहिता म्हणजे संवाद, असे समीकरण आपल्या विद्यापीठीय अध्यापनात इतके रुळले आहे की नृत्याची नोंद 'रंजकता' किंवा 'लोकतत्त्वांचा वापर' या शीर्षकाखाली दोन वाक्यांत उरकली जाते. माझे म्हणणे असे की, मराठी रंगभूमीवरील काही महत्त्वाच्या कृतींत काळाची रचना संवादांनी केलेली नसून पावलांनी केलेली आहे. ती न वाचता केलेले अर्थनिर्णयन अपुरे राहते आणि काही वेळा चक्क चुकते.

भरताच्या नाट्यशास्त्राला हा प्रश्न नीट उमगला होता. एका अंकात एका दिवसाच्या घटना दाखवाव्यात आणि मधला महिन्यांचा, फार तर वर्षाचा, काळ प्रवेशकासारख्या योजनेने सुचवावा, हा त्यातील नियम सर्वांना माहीत असतो, कारण तो संहितेशी संबंधित आहे. परंतु त्याच ग्रंथातील कक्षाविभाग आणि गतिप्रचार हे विषय आपण 'तांत्रिक' म्हणून बाजूला सारतो. रंगपीठावर एका कक्षेतून दुसऱ्या कक्षेत फिरून जाणे म्हणजे दूरचा प्रवास, हा संकेत कक्षाविभागात आहे. गतिप्रचारात तर पात्राच्या दर्जानुसार आणि भावानुसार पावलाला किती काळ लागावा याचा हिशेब आहे: उत्तम पात्राचे पाऊल सावकाश, मध्यमाचे त्याहून जलद, अधमाचे आणखी जलद. म्हणजे राजा आणि सेवक एकाच मंचावरून एकत्र चालले तरी ते दोन निरनिराळ्या काळांतून चालत असतात. शाकुंतलाच्या पहिल्या अंकात रथाचा वेग रथाशिवाय केवळ अभिनयाने उभा होतो, तो याच व्यवस्थेच्या बळावर.

तमाशातील गिरकी ही या परिक्रमेची थेट वंशज आहे की नाही, हा वाद मला येथे महत्त्वाचा वाटत नाही. वंशावळी शोधण्याच्या उत्साहात कार्य पाहावयाचे राहून जाते. वगातील राजा 'चला, प्रधानजी' म्हणतो, ढोलकीवर एक तुकडा वाजतो, दोघे स्वतःभोवती वळतात, आणि दरबाराचे अरण्य होते. येथे जे घडते ते केवळ स्थलांतर नव्हे. आधुनिक कथनमीमांसेच्या परिभाषेत बोलावयाचे तर कथित काळातील दिवस येथे कथनाच्या दोन-चार सेकंदांत बसविले जातात. जेरार जेनेतने १९७२ मध्ये कथनातील कालावधीचे जे प्रकार सांगितले, त्यांपैकी विलोप आणि सारांश यांच्या मधोमध गिरकी कोठेतरी पडते. विलोपात मधला काळ गाळला जातो. वाचकाला तो गाळल्याचे नंतर कळते. गिरकीत मात्र गाळण्याची क्रिया प्रेक्षकाच्या डोळ्यांसमोर आणि तालात होते. गाळलेला काळ दिसत नाही, पण गाळणे दिसते. हा फरक बारीक आहे, परंतु पुढील सर्व विवेचन त्याच्यावर उभे आहे.

याच्या नेमके उलट टोक म्हणजे बैठकीची लावणी. यमुनाबाई वाईकर (१९१५–२०१८) यांच्यासारख्या कलावतींची अदाकारी ज्यांनी पाहिली असेल त्यांना हे सांगावयास नको की, एकच ओळ पुनःपुन्हा घेतली जाते आणि प्रत्येक वेळी डोळा, भुवई, मान, मनगट यांच्या सूक्ष्म हालचालीने तिचा निराळा अर्थ पुढे येतो. एकदा ती विनवणी असते, एकदा टोमणा, एकदा आठवण. ओळीतील घटना पुढे सरकत नाही. ती रुंद होत जाते. छापील लावणीसंग्रह वाचणारा अभ्यासक त्या ओळीवरून दोन सेकंदांत पुढे जातो आणि मग 'लावणीत आशयाची विविधता कमी' असा निष्कर्ष काढतो. विविधता ओळींच्या संख्येत नव्हतीच. कथकातील अभिनयातही हेच तत्त्व आहे, आणि तिहाईत त्याचा आणखी एक पैलू दिसतो: समेवर येण्याची अपेक्षा निर्माण करून ती तीनदा लांबविणे, म्हणजे अद्याप न आलेल्या क्षणाला आधीच उपस्थित करणे.

सुझन लँगरने 'फीलिंग अँड फॉर्म' (१९५३) या ग्रंथात काळाचा आभास संगीताकडे सोपविला आणि नृत्याकडे दृश्य शक्तींचा खेळ ठेवला. मराठीत लयतत्त्वाची सर्वांत गंभीर मांडणी मर्ढेकरांनी केली. संवाद, विरोध आणि समतोल यांवर आधारलेली त्यांची लय 'सौंदर्य आणि साहित्य' (१९५५) या ग्रंथामुळे आपल्या सौंदर्यविचाराचा पाया होऊन बसली. परंतु दोन्ही ठिकाणी एक अडचण राहते. लँगर नृत्याकडून काळ काढून घेते. आणि मर्ढेकरांची लय ही मुळात घाटाची लय आहे, ती काळात घडत असली तरी काळाविषयी काही बोलत नाही. गिरकी आणि अदा या दोहोंचे आकलन यांपैकी कोणत्याही चौकटीत पुरतेपणी होत नाही, कारण येथे नृत्य काळात घडते एवढेच नसून काळ हाच नृत्याचा विषय आणि त्याचे द्रव्य आहे.

या बाबतीत मला सर्वांत उद्बोधक वाटलेले उदाहरण शास्त्रीय नृत्याचे नाही आणि नागर रंगभूमीचेही नाही. ते कोकणातल्या बाल्या नाचाचे, म्हणजेच जाखडीचे आहे. पेण आणि रोहे यांच्या टापूतील गागोदे बुद्रुक हे गाव महाराष्ट्राला ठाऊक आहे ते विनोबा भावे यांचे जन्मस्थान म्हणून. ११ सप्टेंबर १८९५ रोजी, तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यात, त्यांचा जन्म येथे झाला. आपल्या आजोबांच्या आठवणी सांगताना विनोबांनी गणपतीच्या मूर्तीविषयी लिहिले आहे: मुलांकडून चंदन उगाळून घेऊन आजोबा ती घडवीत, तिची पूजा होई, आणि मग विसर्जनाच्या वेळी मुलाला फार वाईट वाटे. घडविलेले बुडवावयाचे कशासाठी, हा तो प्रश्न. विनोबांनी त्यातून आवाहन आणि विसर्जन या जोडीचे आध्यात्मिक तात्पर्य काढले. आपल्या विषयाच्या दृष्टीने मात्र त्यातील रचना लक्षात घेण्याजोगी आहे. गणेशोत्सवाचा काळ आरंभापासूनच आपला शेवट पोटात घेऊन येतो, आणि त्या मर्यादित अवकाशातच या भागातील नाच उभा राहतो. आवाहनापूर्वी तो नसतो, विसर्जनानंतर तो संपतो.

गौरी-गणपतीच्या रात्री या पट्ट्यातील वाड्यांवर जो नाच चालतो त्याची मांडणी साधी आहे. मध्यभागी गाणारा आणि ढोलकी-झांजेचे साथीदार, त्यांच्याभोवती नाचणाऱ्यांचे कडे, पायात चाळ. गण, गौळण, मग एखादी पौराणिक कथा, आणि कलगी व तुरा म्हणजेच शक्ती व शिव या दोन पक्षांतील सवाल-जबाब. मी लक्षपूर्वक पाहिले ते पावलांचे आणि कथेचे नाते. गाणारा कथा पुढे नेतो तेव्हा कड्याची पावले आखूड आणि संथ असतात. कथा थांबते, ध्रुपद येते, साथीदार ते उचलतात, ढोलकी चढते, आणि नेमक्या त्याच वेळी पावले वेग घेतात. कथेची गती आणि देहाची गती यांचे प्रमाण व्यस्त आहे. वनवासाची वर्षे संथ पावलांवर सरून जातात. ज्या क्षणी काहीच घडत नाही, त्या क्षणी सर्वाधिक धावपळ असते. आणि ही धावपळ कोठे पोचते? कडे फिरून पुन्हा तेथेच. कथा सरळ रेषेत चालली आहे, पण तिला वाहून नेणारे पाय वर्तुळात चालले आहेत. कथा संपते ती रेषेच्या टोकावर पोचल्यामुळे नव्हे, तर वर्तुळ थांबल्यामुळे.

या वर्तुळाला एक सामाजिक बाजूही आहे आणि ती वगळून केवळ रूपाची चर्चा करणे मला प्रामाणिक वाटत नाही. या कड्यात नाचणारे अनेक जण पिढ्यान्‌पिढ्या मुंबईच्या गिरण्यांत कामाला होते. त्यांचे वर्ष गिरणीच्या भोंग्याने आणि पाळ्यांनी कापलेले. गौरी-गणपतीचे दिवस हेच काय ते त्या काळाबाहेरचे. ई. पी. टॉम्सनने १९६७ च्या आपल्या निबंधात औद्योगिक घड्याळाने श्रमिकांचा काळ कसा बदलला हे इंग्लंडच्या संदर्भात दाखविले. आपल्याकडे त्याचा पुरावा शोधावयाचा तर कामगारविषयक अहवालांइतकाच तो या नाचात सापडेल. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरणी कामगारांचा संप सुरू झाला आणि त्यानंतर गिरण्यांचा तो काळच ओसरत गेला. मुंबईच्या नाट्यगृहांत होणाऱ्या शक्ती-तुऱ्याच्या सामन्यांनी नाच टिकविला, हे मान्य केले पाहिजे. पण त्याची किंमत पडली. बंदिस्त रंगमंचावर कड्याला पाठ परवडत नाही. अर्धे नाचणारे प्रेक्षकांकडे पाठ करून उभे आहेत हे तिकीट काढून आलेल्याला चालत नाही. म्हणून कडे उलगडते आणि त्याची रांग होते. रांगेला आरंभ आणि शेवट असतो. वर्तुळातील काळ रांगेत उतरला की तो कार्यक्रमपत्रिकेतील काळ होतो.

वर्तुळाची रांग होणे ही केवळ हानीच असते काय, हा प्रश्न मात्र तितक्या सहज सुटत नाही. कारण मराठी रंगभूमीवरील एका श्रेष्ठ कृतीने हीच रांग घेऊन तिला नवे कार्य दिले. १६ डिसेंबर १९७२ रोजी पुण्यात प्रथम सादर झालेल्या 'घाशीराम कोतवाल'विषयी भरपूर लिहिले गेले आहे. विजय तेंडुलकरांची संहिता, जब्बार पटेल यांचे दिग्दर्शन, भास्कर चंदावरकरांचे संगीत आणि कृष्णदेव मुळगुंद यांचे नृत्यदिग्दर्शन, असे श्रेय आपण देतो. आणि मग शेवटच्या दोन नावांना 'प्रयोगमूल्य' म्हणून कंसात टाकतो. वाद झाला तो नाना फडणवीसांच्या चित्रणावरून. पहिल्या काही प्रयोगांनंतर मूळ संस्थेने ते थांबविले, १९७३ मध्ये स्थापन झालेल्या थिएटर अकॅडमीने ते पुन्हा उभे केले, आणि १९८० मध्ये परदेश दौऱ्याच्या वेळी वाद पुन्हा पेटला. आक्षेपकांचा मुद्दा इतिहासाच्या विकृतीचा होता. समर्थकांचे उत्तर असे की हे ऐतिहासिक नाटकच नव्हे. दोन्ही पक्ष संहितेतील घटना आणि इतिहासातील घटना यांची ताळेबंदी करीत होते. नाटकात काळ कसा चालतो, हे फारसे कोणी विचारले नाही.

इतिहासातील घाशीरामाची पुण्याची कोतवाली सुमारे चौदा वर्षांची. १७७७ पासून १७९१ मधील त्याच्या वधापर्यंतची. मोरोबा कान्होबांनी १८६३ मध्ये याच नावाचे पुस्तक लिहिले तेव्हा त्यांना ही वर्षे माहितीपर संभाषणांनी भरून काढावी लागली. तेंडुलकरांना ती भरावयाची नव्हती. त्यांच्याकडे ब्राह्मणांची ती डोलणारी रांग होती. नर्तन करणाऱ्या गणपतीच्या नमनापासून नाटक सुरू होते, आणि तेथपासून ही रांग कधी भिंत होते, कधी पडदा, कधी बावनखणीकडे निघालेली मंडळी, कधी कीर्तनातील श्रोते. ती पाठ फिरविते तेव्हा मागचे दिसेनासे होते. ती फाकते तेव्हा काळ पुढे गेलेला असतो. म्हणजे ही रांग गिरकीचेच काम करते. फरक असा की तमाशात गिरकी घेतो तो प्रवासाला निघालेला माणूस. त्याचा काळ तो स्वतः ओलांडतो. 'घाशीराम'मध्ये गिरकी घेतो तो समाज, आणि ओलांडला जातो तो दुसऱ्याच कोणाचा तरी काळ.

कोणाचा, हे पाहिले म्हणजे या युक्तीतील क्रौर्य लक्षात येते. घाशीरामाची मुलगी गौरी नानाच्या हाती दिली जाते आणि त्या मोबदल्यात कोतवाली येते. त्यानंतर तिला नाटकात जवळजवळ काळच नाही. तिचे दिवस जाणे, बाळंतपण, मृत्यू, सर्व काही रांगेमागे घडते. बापाला आणि आपल्याला ते कळते तेव्हा ती पुरलेलीही असते. वास्तववादी नाटकात हा साधा विलोप ठरला असता: मधले महिने नाटककाराने सोयीसाठी गाळले, इतकेच. येथे मात्र गाळण्याची क्रिया आपल्यासमोर, ठेक्यावर, गात-डोलत होते, आणि गाळणारी माणसे आपल्याला ओळखीची आहेत. ते महिने नाटककाराने गाळलेले नाहीत. पुण्याच्या त्या मंडळींनी पाठ करून ते गाळले. सूत्रधारासह आपणही त्या लयीवर मान डोलावलेली असते. प्रेक्षकाला अपराधात सामील करून घेण्याचे हे कार्य एकाही संवादाने साधलेले नाही. संहिता वाचून 'गौरीचे पात्र अविकसित आहे' असे म्हणणाऱ्या परीक्षार्थीला, आणि काही समीक्षकांनाही, पात्राच्या अविकसितपणाचा आरोप कोणावर ठेवावयाचा हेच समजलेले नाही.

मग इतिहासाच्या विकृतीचा आक्षेपही वेगळा दिसू लागतो. तारखांच्या रेषेवर नानाचे चरित्र मांडणारा काळ या नाटकात कधी स्थापनच होत नाही. घाशीरामाचा अंत मृदंगाच्या तालावर, जणू नृत्यातच होतो आणि लगोलग उत्सवाची आज्ञा सुटते. रांग पुन्हा नाचू लागते. प्रोसिनियमच्या गरजेपोटी रांग झालेले ते कडे येथे अखेरीस आपले वर्तुळ पुरे करते. आरंभी जी मंडळी नाचत होती तीच शेवटी नाचत आहेत, मधले चौदा वर्षांचे रक्त त्यांच्या पावलांना लागलेले नाही. या वर्तुळात नाना हे ऐतिहासिक व्यक्तीचे नाव असण्यापेक्षा एका जागेचे नाव अधिक आहे. समर्थकांनी 'हे ऐतिहासिक नाही' असे म्हणून जे नकारात्मक उत्तर दिले, त्याचे सकारात्मक रूप प्रयोगाच्या नृत्यरचनेत होते. ते शब्दांत मांडण्याची साधने आमच्या समीक्षेपाशी नव्हती, हे त्या वादाचे एक दुर्लक्षित फलित.

'महानिर्वाण' (१९७४) मध्ये सतीश आळेकरांनी मेलेल्या भाऊरावांना स्वतःच्या मरणाचे कीर्तन करावयास उभे केले, तेथेही कीर्तनकाराच्या पावलांमुळे मृत्यूनंतरचा काळ चालता राहतो. परंतु तेथे शब्दांची करामत इतकी मोठी आहे की नृत्यावर फार भार पडत नाही. उलट 'घाशीराम'नंतर लोककलेचा मुलामा दिलेली जी अनेक नाटके आली, त्यांत नाच आहे, रांग आहे, ढोलकीही आहे, पण नाच सुरू झाला की कथानक बाहेर जाऊन उभे राहते आणि नाच संपला की परत येते. तेथे काळ वाकत नाही. तो केवळ खर्च होतो. अशा नाटकांची छापील प्रत वाचताना नाचाच्या जागा वगळल्या तरी काही बिघडत नाही, आणि हीच त्यांची सोपी परीक्षा आहे.

दशावतारात संवादांची लिखित संहिता नसते; आख्यान ठरते आणि नट ते उत्स्फूर्तपणे उभे करतात. त्यामुळे तेथे आपल्या समीक्षेची अडचण उघडी पडते आणि आपण तो विषय लोकसाहित्याच्या प्रश्नपत्रिकेकडे ढकलून मोकळे होतो. ताराबाई भवाळकर, प्रभाकर मांडे आदी अभ्यासकांनी लोकरंगभूमीच्या नोंदी आणि मीमांसा यांचा पाया घातला आहे. त्यावर नाट्यसमीक्षेने करावयाचे काम कोणते, हा प्रश्न आहे. निदान एवढे तरी करता येईल: 'घाशीराम' वर्गात शिकविताना संवादांच्या शेजारी पावलांची एक उभी ओळ आखावी, रांग कोठे मिटते, कोठे फाकते, त्या मधल्या अवकाशात कथेतील किती काळ गेला आणि तो कोणाचा गेला, हे त्या ओळीत लिहावे. माझ्या विद्यार्थ्यांनी हा उद्योग सुरू केला तेव्हा पहिल्याच अंकात त्यांना अकरा ठिकाणी थांबावे लागले. आणि गौरीच्या ओळीपाशी आल्यावर वहीत लिहिण्याजोगे काहीच नसल्याने एका विद्यार्थिनीने तेथे नुसत्या रेघा मारून ठेवल्या.